उचलबांगडीचा हुकूम कोणाचा?

माझ्या मुलाला माझ्या घरातून उचलून नेण्याचा अधिकार चार पोरांना कोणत्या कायद्याच्या कोणत्या कलमाने दिला, हा प्रश्न मी स्कूल बोर्डाला लेखी विचारला होता. बोर्डाने त्याचे उत्तर कधीच दिले नाही. उत्तर आले ते भलत्याच ठिकाणाहून, आणि ते ऐकल्यावर हातातला टाक दौतीत ठेवावा एवढेही भान मला उरले नाही.

हकीकत पन्नासच्या दशकातली आहे. पिंपरीच्या माळावर कारखान्याच्या इमारती उभ्या राहत होत्या आणि आमच्या कासारवाडीत अजून संध्याकाळी गुरे घरी येत. मी रोज गाडीने पुण्याला जाई आणि कोर्टाच्या आवारात अर्जनवीस म्हणून बसे. अर्जनवीस म्हणजे वकील नव्हे. ज्याला वकील परवडत नाही, किंवा ज्याचे काम नुसत्या अर्जाने भागते, त्याचे रडगाणे ऐकून घेऊन ते कायद्याच्या भाषेत बसवून देणारा परवानाधारक मनुष्य. त्यामुळे सरकारी कायदे मी पोथीसारखे वाचीत असे, आणि पोथी न वाचता प्रवचन करणाऱ्यांचा मला तेव्हाही संताप येई, आताही येतो.

माझा मुलगा तेव्हा आठ वर्षांचा होता. एकुलता एक. बोलताना तो अडखळे. पहिले अक्षर ओठांवर येऊन अडकून बसे आणि मागचा सगळा शब्द त्याच्या पाठीमागे दाटून राही. बोर्डाच्या शाळेतल्या मास्तरांनी यावर एक उपाय काढला होता. अडखळणाऱ्याला रोज चारचौघांत उभे करून बोलायला लावले की त्याची जीभ सुटते, अशी त्यांची समजूत होती. ते दुष्ट नव्हते, हे मला मान्य आहे. पण मुलगा रोज सगळ्या वर्गासमोर उभा राही, वर्ग रोज हसे, आणि पुढे पुढे तो शाळेच्या वाटेवरच उलटी करू लागला. तेव्हा मी त्याचे शाळेत जाणे बंद केले.

माझी पत्नी व्हर्नाक्युलर फायनल, म्हणजे मराठी सातवी, पास झालेली होती. मनात आणले असते तर तीच एखाद्या शाळेत मास्तरीण झाली असती. तिने त्याला घरी शिकवावे, असे मी ठरवले. दुपारी स्वयंपाकघराच्या उजेडाच्या बाजूला दोघे बसत. घाई नव्हती, हसणारे कोणी नव्हते. वर्षाच्या आत तो निमकी-पाऊणकीच्या पाढ्यांपर्यंत पोहोचला आणि त्याचे अक्षर माझ्यापेक्षा वळणदार झाले.

आता कायद्याचे. प्राथमिक शिक्षण सक्तीचे होते आणि सक्तीच्या वयातले मूल शाळेत न पाठवणाऱ्या पालकाला दंड होऊ शकत होता. एवढे गावात सर्वांना ठाऊक होते. गावाला ठाऊक नव्हते ते असे की, त्याच कायद्याने पालकाच्या काही सबबी वाजवी मानल्या होत्या. शाळा फार लांब असणे, मूल आजारी असणे, आणि मुलाला अन्य रीतीने समाधानकारक शिक्षण मिळत असणे. ‘अन्य रीतीने’ यात आमचे स्वयंपाकघर बसत होते. मात्र ते शिक्षण समाधानकारक आहे की नाही हे मी ठरवायचे नव्हते. ते अधिकाऱ्याने ठरवायचे होते. म्हणून मी बोर्डाकडे रीतसर अर्ज केला, त्याची पोच घेतली, आणि उत्तर न आल्यामुळे त्यावर स्मरणपत्रे पाठवली.

स्टेशनाबाहेर एका मुसलमान गृहस्थांचे सायकलदुरुस्तीचे दुकान होते. त्यांच्या दोन पिढ्या इथेच गेलेल्या. गाडीची वाट पाहताना मी त्यांच्या बाकावर बसे.

“भाऊसाहेब, पोरगं घरीच हाय म्हनं अजून?” ते विचारीत.

“घरी आहे, पण कायद्यात आहे,” मी सांगे.

“म्हंजी कायदा तुमच्या घरी आला राह्यला?”

बाकावरचे लोक हसत. मी त्यांना कलम समजावून सांगे. ते माना डोलवीत आणि गाडी आली की सुटका झाल्यासारखे उठत.

अशाच एका संध्याकाळी मी गाडीतून उतरलो, तर हे गृहस्थ हातातले टायर टाकून लगबगीने पुढे आले.

“पेढे काढा भाऊसाहेब! पोरगं साळंत गेलं तुमचं.”

“कोण गेले?”

“तुमचं पोरगं वो! चौघांनी न्हेलं, नवरदेवावानी. उचलबांगडी!”

ज्यांनी ती पाहिलेली नाही त्यांच्यासाठी सांगतो. मूल शाळेत येत नसेल, तर मास्तर वरच्या वर्गातली चार दांडगी पोरे त्याच्या घरी पाठवीत. दोघे हात धरीत, दोघे पाय, आणि मधोमध झोळीसारखे लोंबकळणारे ते मूल ओरडत, लाथा झाडीत, साऱ्या गावातून शाळेत पोहोचे. बायका दारात येऊन पाहत. कुत्री मागे धावत. मी पुण्यात वाढलो, त्यामुळे ही गोष्ट मी नुसती ऐकून होतो. ती माझ्या घरात घडेल असे मला स्वप्नातही वाटले नव्हते.

मी त्या गृहस्थांकडे पाहतच राहिलो. त्यांच्या चेहऱ्यावर निव्वळ आनंद होता.

“आवो, असं काय बघता? मला तर तीनदा न्हेलं व्हतं. एकदा मी एकाच्या दंडाला चावलो. त्यो अजून दावतो मला, वण हाय म्हनतो.” बाकावरचा एक म्हातारा म्हणाला, “आमी गेलो ते असंच. आपल्या पायानं कोन जातंय साळंत?” आणि सगळे मोकळेपणी हसले. त्या हसण्यात मला टोमणा सापडला असता तर बरे झाले असते. टोमणा नव्हताच. झाल्या प्रकारात काही वावगे आहे असे त्या बाकावरच्या एकाही माणसाला वाटत नव्हते, आणि मला सर्वांत मोठा धक्का बसला तो याचा.

घरी आलो. मुलगा कोपऱ्यात पाटी घेऊन बसला होता. त्याच्या उजव्या मनगटावर बोटांचे वळ स्पष्ट दिसत होते. “कोणी नेले तुला?” मी विचारले. तो पाटीकडे पाहत राहिला. “कुठे लागले का आणखी?” त्याने नकारार्थी मान हलवली. पत्नी म्हणाली, “आधी चहा घ्या.”

“तू त्यांना अडवले का नाहीस?”

“माझे हात पिठात होते,” ती म्हणाली.

ते उत्तर मला पुरेसे वाटले.

त्याच संध्याकाळी मी लिहायला बसलो. कायद्याने सक्तीची एक वाट घालून दिलेली होती. आधी पालकाला सूचना, मग त्याचे म्हणणे ऐकून घेणे, मग हजेरीचा हुकूम, आणि तो मोडला तर मॅजिस्ट्रेटपुढे दंड. या सगळ्या वाटेवर मुलाच्या अंगाला हात लावण्याची परवानगी कोणालाही, कुठेही दिलेली नव्हती. सक्ती होती ती पालकावर, मुलावर नव्हे. हे सारे मी बोर्डाला कळवले. घरात विनापरवाना प्रवेश, मुलाला बळजबरीने नेणे, अर्ज प्रलंबित असताना केलेली दंडेली, असे मुद्दे सुटे करून मांडले. मास्तरांना वेगळी नोटीस रजिस्टर पोस्टाने धाडली. आणि दाराबाहेर फळी लावली: ‘परवानगीशिवाय आत येण्यास सक्त मनाई आहे.’

शाळा आमच्या दारातून दिसे. मास्तर रोज सकाळी आमच्याच विहिरीवरून पाणी नेत. त्यांना बोलावून एक वाक्य विचारणे मला सहज शक्य होते. पण तोंडी बोलणे हा पुरावा नव्हे, हे मी रोज अशिलांना बजावीत असे, आणि जो नियम मी दुसऱ्याला घालून देतो तो मी पाळतो. बाकावर यावरही करमणूक झाली. “साळा समोर हाय, आन् भाऊसाहेबांचा कागूद पुण्याला वळसा घालून येतोय,” असे कोणी तरी म्हणाल्याचे मला ऐकू आले. नोटीस हातात पडल्यावर मास्तर घाबरले आणि उत्तर न देता त्यांनी ती तशीच बोर्डाकडे पाठवून दिली.

मधल्या काळात मुलगा माझ्याशी एक शब्दही बोलला नाही. मी घरात पाऊल टाकले की त्याचे ओठ मिटत. बळजबरीने त्याची उरलीसुरली वाचा गेली अशी माझी खात्री झाली, आणि तसे मी पुढच्या पत्रात लिहिले. पोराचे बोलणेच गेले तर दंड, हुकूम आणि सबब यांचे मी काय करणार होतो? रात्री ताटावर बसलो की त्याचा घास चावण्याचा आवाजसुद्धा मी कान देऊन ऐकत असे.

अखेर बोर्डाचा हजेरी अधिकारी आला. मध्यम वयाचा, घामाघूम, सायकलवरून आलेला. त्याने मास्तरांनाही बोलावून घेतले. आम्ही ओसरीवर बसलो. पत्नी आतल्या दाराशी उभी होती.

“पहिला प्रश्न शिक्षणाचा,” अधिकारी म्हणाला आणि मुलाला जवळ बोलावून त्याने एक पान वाचायला दिले. मुलाने माझ्याकडे पाहिले. पहिले अक्षर ओठांवर आले आणि तिथेच अडकले. मान ताठ झाली. अधिकाऱ्याने क्षणभर वाट पाहून पुस्तक मिटले आणि पाटी पुढे केली. मुलाने शुद्धलेखन लिहिले, पाऊणकीची उदाहरणे सोडवली, आणि अधिकाऱ्याने न सांगता मुंबई राज्यातल्या नद्या उगमासकट लिहून दाखवल्या.

“हे तर आमच्या चौथीच्या पोरांना येत नाही,” अधिकारी मास्तरांना म्हणाला. मास्तर म्हणाले, “पोरगं हुशार आहेच साहेब. मी कधी नाही म्हटलं?”

“शिक्षण समाधानकारक आहे. तसा हुकूम मी देतो.”

मी जिंकलो होतो. इतक्या पत्रांनंतर एका सरकारी माणसाने माझ्या ओसरीवर बसून कायदा वाचला होता. मी टाक उचलला आणि म्हणालो, “आता दुसरा प्रश्न. उचलबांगडीचा हुकूम कोणाचा?”

अधिकाऱ्याने मास्तरांकडे पाहिले. मास्तर टोपी काढून हातात फिरवू लागले.

“साहेब, आम्ही बोलावल्याबिगर कुणाच्या उंबऱ्यात पाय ठेवत नाही. पोर ऐकत नसलं की घरातून सांगावा येतो, ‘मास्तर, चार पोरं धाडा.’ मगच धाडतो. गावाची रीतच तशी आहे. मी माझ्या मनानं कुणाच्या घरात पोरं घुसवीन का?”

“माझ्या घरातून सांगावा?” मी ओरडलो. “कोणाचा?”

मास्तरांनी आतल्या दाराकडे पाहिले. दारातून आवाज आला.

“माझा.”

मी वळून पाहिले. टाकातली शाई माझ्या धोतरावर ओघळली होती आणि ते मला कळलेही नाही. ज्या कटाविरुद्ध मी बोर्डापासून सगळ्यांना लिहीत होतो, त्या कटाचे मूळ माझ्या स्वयंपाकघरात होते.

“वहिनी, तुम्ही?” अधिकाऱ्याने विचारले. तोही गोंधळला होता.

“होय. दुपारच्या सुट्टीत शाळेतली पोरं रुळांच्या अलीकडे खेळतात. पाढे म्हणता म्हणता हा खिडकीशी जातो आणि त्यांची नावं पुटपुटतो. एकेकाचं नाव, न अडखळता. मी पाठीमागून ऐकलं आहे. पण हाक मारत नाही. घरात त्याला सगळं येतं, पण हाक मारायला कोणी नाही.”

“मग हे तू मला का सांगितले नाहीस?”

“सांगितलं होतं. दोनदा. तुम्ही म्हणालात, लेखी दे.”

अधिकाऱ्याला हसू आले आणि ते लपवण्यासाठी त्याने रुमालाने तोंड पुसले. मास्तर उघडच हसले. मला मात्र आठवले की मी तसे म्हणालो होतो, आणि थट्टेने म्हणालो नव्हतो.

“पण त्याच्या मनगटावर वळ होते! तू पाहिलेस ना?”

“पाहिले.” तिचा आवाज पहिल्यांदाच खाली आला. “इतकं घट्ट धरतील असं मला वाटलं नव्हतं. तो ओरडला तेव्हा मी पिठाचे हात तसेच घेऊन शाळेपर्यंत मागे गेले. सोडा म्हणणार होते. पण मास्तरांनी त्याला उभं केलं नाही, की बोलायला लावलं नाही. ती माझी अट होती, मास्तरांना विचारा. मधल्या सुट्टीत पोरांनी त्याला विटी झेलायला लावलं. विटी झेलायला बोलावं लागत नाही. मी भिंतीआडून बघितलं आणि परत आले.”

“त्या दिवसापासून तो माझ्याशी बोललेला नाही!”

“मीच सांगितलं होतं, बाबांना सांगू नकोस म्हणून. त्याला खोटं बोलता येत नाही, म्हणून तो गप्प बसला.” मग ती दारातून एक पाऊल पुढे आली. “आणि अहो, एरवी तरी तो तुमच्यापुढे कधी बोलतो? साहेबांनी पुस्तक दिलं तेव्हा त्यानं आधी कुणाकडे पाहिलं?”

आयुष्यात मला पुष्कळ धक्के बसले आहेत. कोर्टात माणसे सख्ख्या भावाविरुद्ध खोटी शपथ घेताना मी पाहिली आहेत. पण स्वतःच्या घरातला एक साधा प्रकार, जो रोज माझ्या डोळ्यांपुढे घडत होता, तो बोर्डाच्या अधिकाऱ्यासमोर मला प्रथम कळावा, याइतका मी कशानेही हबकलो नाही.

अधिकाऱ्याने घसा खाकरला. “माझी पंचाईत अशी आहे की घरी शिक्षण देण्याची परवानगी मी देऊ शकतो. पण ते देणार कोण, हे हुकुमात लिहावं लागतं.”

“ही देईल,” मी म्हणालो.

“मी देणार नाही,” पत्नी म्हणाली. “परवानगी तुम्हांला मिळाली आहे. शिकवायचं मला होतं.”

कायद्यात ‘पालक’ असा शब्द आहे. दोन पालकांची मते दोन दिशांना गेली तर कोणाचे चालते, हे त्या संबंध कायद्यात कुठेही लिहिलेले नाही. मी नंतर तो पुन्हा पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. त्या क्षणी मी एवढेच म्हणालो, “मग मी शिकवीन.” अधिकाऱ्याने माझे नाव लिहिले, सही केली आणि पाणी पिऊन तो सायकलवर बसला.

दुसऱ्या दिवशी रविवार होता. मी मुलाला समोर बसवले. साधी कविता म्हणायला सांगितली, त्याला पाठ असलेली. त्याच्या गळ्याच्या शिरा फुगल्या. मी गप्प राहिलो. अशिलांचे तासन् तास चालणारे रडगाणे ऐकून घेणारा मनुष्य मी, मला वाट पाहता येते असा माझा समज होता. पण माझ्या नकळत माझे ओठ हलू लागले आणि त्याचा अडलेला शब्द मीच उच्चारला. त्याने तोंड मिटून घेतले. स्वयंपाकघरात पोळी लाटण्याचा आवाज थांबला होता.

सोमवारी सकाळी मी गाडीसाठी निघत असताना दाराबाहेर चार पोरे उभी दिसली. त्यांतला सर्वांत दांडगा, मिसरूड फुटू लागलेला, फळीकडे बोट दाखवून म्हणाला, “काका, आमी वाचलंय. आत येत न्हाई आमी. त्याला भायेर धाडता का?”

“बळजबरी कराल?”

“न्हाई वो. त्येला आपल्या पायानं चालता येतंय की. आमचे बी हात दुखत्यात.”

बाकीचे तिघे खिदळले. मी काही उत्तर देण्याच्या आत माझ्या पाठीमागून आवाज आला, “आ... आ... आलो!” आणि पाटी काखेला मारून मुलगा माझ्या बाजूने निसटून बाहेर गेला. माझ्या देखत काढलेला त्याचा तो कित्येक आठवड्यांतला पहिला शब्द होता. तो माझ्यासाठी नव्हता. त्या दिवशी माझी गाडी चुकली.

मी इथे एक गोष्ट स्पष्ट नोंदवून ठेवतो. आईने बोलावले म्हणून चार मुलांना एका मुलाचे हातपाय धरून गावातून नेण्याचा अधिकार मिळत नाही. ही रीत तेव्हाही बेकायदेशीर होती, आणि बाकावरचे सगळे तिच्यावर हसतात म्हणून ती कायदेशीर होत नाही. हे मी पत्नीलाही सांगितले. ती म्हणाली, “कबूल.” मास्तरांना मी ते या वेळी तोंडी सांगितले, विहिरीवर. त्यांनीही कबूल केले, आणि माझ्या माहितीत त्यानंतर त्यांनी कोणाच्या घरी पोरे धाडली नाहीत.

मुलगा शाळेत जात राहिला. अडखळणे गेले नाही, कमी झाले. आणि मी दरसाल बोर्डाकडे अर्ज करून घरी शिकवण्याची ती परवानगी नूतन करून घेत राहिलो. एका वर्षी त्याच अधिकाऱ्याने वैतागून विचारणा केली की, आपल्या मुलाची शाळेतली हजेरी पूर्ण असताना या परवानगीचे प्रयोजन काय, याचा खुलासा करावा.

मी उलट टपाली खुलासा केला. परवानगी हाती असताना माझा मुलगा शाळेत जातो, तेव्हा तो सक्तीमुळे जात नाही. ती नसती तर, आवडीने गेला तरी, कायद्याच्या नजरेत तो सक्तीनेच गेला असता. हा फरक बोर्डाच्या उपयोगाचा नसेल, पण माझ्या मुलाच्या उपयोगाचा आहे, सबब परवानगी नूतन करण्यात यावी.

तशी ती करण्यात आली.